रस्सा किती जुना?

हुरड्याच्या दिवसांत मोहोळजवळच्या एका शेतावर आम्ही पाच-सहा शिक्षक जमलो होतो. दुपारी हुरडा झाला, संध्याकाळी बांधाजवळ तीन दगड मांडून मटणाचे भगुणे चढवले. बरोबर अकरावीतली दोन मुले होती. त्यांतल्या मुलीने इतिहासाच्या सरांना विचारले, "सर, पास्त्यावर मटणाचा सॉस घालतात तो इटलीचा. मग आपला रस्सा शिवाजीमहाराजांच्या काळात होता का?" सर म्हणाले, "होता की! रस्सा काय आज आलाय?" चुलीपाशी बसलेल्या मावशींनीही दुजोरा दिला, "आमच्या पणजीपासनं असाच करतोय." तेव्हा आमच्यातले विज्ञानाचे शिक्षक भगुण्यात डोकावून म्हणाले, "मग हा टोमॅटो?"

कोणालाच नीट उत्तर देता आले नाही. परत आल्यावर आम्ही थोडी शोधाशोध केली. हा लेख म्हणजे त्या मुलीला दिलेले, जरा लांबलेले उत्तर आहे.

आधी त्या भगुण्यात काय होते ते सांगायला हवे. अर्धा-पाऊण किलो बोकडाचे मटण, चार बटाटे, दोन टोमॅटो. भाजलेला कांदा आणि सुके खोबरे, लसूण, आले, कोथिंबीर यांचे वाटण. लाल तिखट, काळा मसाला, हळद, मीठ. दाटपणासाठी शेंगदाण्याचे कूट आणि थोडे येसर, म्हणजे भाजलेल्या धान्याचे व डाळीचे मसालेदार पीठ. शेंगदाण्याचेच तेल. आणि भरपूर पाणी. खाणारी माणसे अकरा होती, हेही लक्षात ठेवा. त्याचा पुढे संबंध येणार आहे.

आता यातले अमेरिका खंडातून आलेले जिन्नस एकेक करून बाहेर काढू. पहिली मिरची. कोलंबस १४९२ मध्ये अमेरिकेच्या बेटांवर पोचला, त्यापूर्वी आशियात किंवा युरोपात कोणीही मिरची चाखलेली नव्हती. पोर्तुगीजांनी १५१० मध्ये गोवा घेतला आणि त्यांच्या जहाजांतून ती आपल्याकडे आली. मराठीत तिला वेगळे नावसुद्धा मिळाले नाही. आपल्याकडे तिखट म्हणजे मिरी, म्हणून ही मिरची. दुसरा बटाटा. त्याचे मराठी नावच पोर्तुगीज 'बटाटा'वरून आले आहे. तिसरा टोमॅटो. त्याला जुन्या कोशांत 'बेलवांगी' असे नाव सापडते, आणि विदर्भ-खानदेशाकडे भेदरा म्हणतात. ते नाव अगदी चुकीचे नव्हे, कारण टोमॅटो, वांगे, बटाटा आणि मिरची ही चारही एकाच कुळातली भावंडे आहेत. फरक इतकाच, की वांगे आपल्या बाजूचे आणि बाकीची तीन समुद्रापलीकडची. जॉर्ज वॅट यांनी १८८९ ते १८९३ या काळात भारतातील उपयुक्त वनस्पती व इतर उत्पादनांचा मोठा कोश प्रसिद्ध केला. त्यात टोमॅटोची लागवड प्रामुख्याने युरोपियनांसाठी होते, इथल्या लोकांना त्याची चव आता कुठे लागू लागली आहे, अशा अर्थाची नोंद आहे. म्हणजे सोलापूरची पहिली कापड गिरणी १८७७ मध्ये सुरू झाली, तेव्हा इथल्या कामगाराच्या घरी टोमॅटो घातलेला रस्सा होत असण्याची शक्यता फार कमी!

चौथा भुईमूग, आणि सोलापूरकराला हा धक्का सर्वांत जड जातो. शेंगाचटणी ज्या गावाची ओळख, त्या गावाची शेंग दक्षिण अमेरिकेतली. हे झाड विद्यार्थ्यांना अवश्य दाखवावे. फूल जमिनीवर उमलते, फलन झाल्यावर देठासारखा एक कोंब खाली वाढत मातीत शिरतो आणि शेंग मातीत धरते. एकोणिसाव्या शतकात फ्रान्समधल्या साबणाच्या व तेलाच्या कारखान्यांना तेलबिया हव्या होत्या. त्यामुळे पाँडिचेरी आणि दक्षिण अर्काटच्या भागात भुईमुगाची लागवड झपाट्याने वाढली. दख्खनच्या कोरडवाहू जमिनींतले त्याचे मोठे पीक हे त्यानंतरचे. म्हणजे वाटणात भरपूर कूट घालण्याची चैन फार तर पाच-सात पिढ्यांची.

जाता जाता एक. मटण निबर असले तर त्यात कच्च्या पपईचा तुकडा टाकतात. ती पपईही अमेरिकेचीच.

सरांचे विधान आता तपासता येते. महाराजांच्या काळात, म्हणजे १६३० ते १६८० मध्ये, मिरची या बाजूला बहुधा पोचली होती. टोमॅटो नव्हता, शेंगदाण्याचे कूट नव्हते, बटाटा रोजच्या स्वयंपाकात नव्हता. रस्सा होता, पण हा रस्सा नव्हता.

मग त्याआधी काय होते? इथे सोलापूरकरांचे नशीब चांगले आहे. या विषयावरचा एक अव्वल दर्जाचा पुरावा जवळच तयार झालेला आहे. सोलापूरहून हैदराबादच्या रस्त्याने उमरग्याच्या पुढे गेले की बसवकल्याण लागते. हेच चालुक्यांचे कल्याणी. तिथला राजा तिसरा सोमेश्वर याने (राज्यकाल ११२६ ते ११३८) संस्कृतमध्ये 'मानसोल्लास' नावाचा ग्रंथ सिद्ध केला. त्याचा काळ ११२९ च्या सुमाराचा धरतात. आजचे सोलापूर म्हणजे तेव्हाची सोन्नलगी, आणि ती याच चालुक्यांच्या मुलखात होती. पुढे त्याच शतकात सिद्धरामेश्वरांनी तिथे तलाव खोदवला. ग्रंथाची छापील आवृत्ती बडोद्याच्या गायकवाड प्राच्य ग्रंथमालेत ग. के. श्रीगोंदेकर यांनी संपादित केली. पहिला खंड १९२५ मध्ये आणि दुसरा १९३९ मध्ये निघाला. राजाने कोणकोणते भोग कसे भोगावेत याची ही जंत्री आहे आणि त्यात 'अन्नभोग' हा भाग येतो.

अन्नभोगात मांसाचे अनेक प्रकार आहेत. भाजलेले, तळलेले, आतड्यांत भरून शिजवलेलेसुद्धा. आपल्या कामाचा प्रकार म्हणजे मांसाचे बोराएवढे तुकडे करून ते मसाल्यात शिजवायचे आणि त्यांत कोवळे हरभरे, वांगी, मुळा, कांदा, मोड आलेले मूग असे जिन्नस घालायचे. तिखटपणासाठी मिरी आणि आले. वासासाठी हिंग, जिरे, धणे. शिवाय हळद, सैंधव आणि काहीतरी आंबट. मांस, भाजी आणि कडधान्य एकाच भांड्यात! नऊशे वर्षांपूर्वीच्या या पदार्थाचा आजचा सर्वांत जवळचा नातेवाईक शोधायचा, तर आम्ही मटणाच्या रश्श्याकडे बोट दाखवणार नाही. सोलापुरातल्या मुसलमान घरांतला आणि लग्नांतला दालचा दाखवू. त्यात मटण, हरभऱ्याची डाळ, दुधी आणि चिंच असते. सोमेश्वराच्या मुदपाकखान्यातूनच दालचा थेट उतरला असे आमचे म्हणणे नाही. दालच्याची परंपरा हैदराबादकडची आहे आणि तिच्यात इराणी वळणही आहे. पण मांसाला डाळीची आणि भाजीची जोड देण्याची युक्ती या मुलखाला नवी नव्हती, एवढे नक्की.

आणखी मागे जाता येते. पुणे जिल्ह्यात शिरूर तालुक्यात घोड नदीकाठी इनामगाव आहे. घोड भीमेला मिळते आणि भीमा आपल्या जिल्ह्यातून वाहते, म्हणजे खोरे एकच. डेक्कन कॉलेजने तिथे १९६८ ते १९८३ पर्यंत उत्खनन केले. हे गाव सुमारे इ.स.पूर्व १६०० ते ७०० या काळातले. तिथे जळून कोळसा झालेल्या दाण्यांत सातू आहे, हुलगा आहे. हाडांत गाई-बैलांची आहेत आणि शेळ्या-मेंढ्यांचीही. मडक्यात नेमके काय शिजत होते ते ही हाडे आणि दाणे सांगत नाहीत. पण हुलगा आणि शेळीचे मांस यांचा शेजार या कोरड्या पट्ट्यात तीन हजार वर्षांचा आहे.

आता इटलीकडे जाऊ, कारण प्रश्नाचे एक टोक तिथे आहे. टोमॅटो तिकडेही परकाच. त्याचा तिथला पहिला छापील उल्लेख वनस्पतिज्ञ मात्तिओली याने १५४४ मध्ये केला. नंतर दीडशे वर्षे लोक त्याकडे संशयानेच पाहत होते. नेपल्समध्ये अंतोनिओ लातिनी याने १६९० च्या दशकात पाककृतींचे पुस्तक छापले. त्यात टोमॅटोचा सॉस आहे, पण त्याला नाव दिले आहे 'स्पॅनिश पद्धतीचा'. म्हणजे तिथेही तो पाहुणाच होता! पास्त्यावर टोमॅटो सर्रास पडू लागला तो एकोणिसाव्या शतकात. बोलोन्या शहराचा मांसाचा सॉस जगप्रसिद्ध आहे. पेलेग्रिनो आर्तुसी याने १८९१ मध्ये आपल्या पुस्तकात बोलोन्याच्या पद्धतीच्या मॅकरोनीची कृती दिली. त्यात बारीक चिरलेले वासराचे मांस, खारवलेले डुकराचे मांस, लोणी, कांदा, गाजर आणि सेलरी आहे. टोमॅटो नाही. याच शहरात १९८२ मध्ये 'अस्सल' सॉसची कृती रीतसर नोंदवून ठेवण्यात आली. तीत मात्र टोमॅटो आहे. २०२३ मध्ये ती नोंदही सुधारावी लागली. अस्सलपणाची नोंद करून ठेवली तरी चाळीस वर्षांत ती दुरुस्त करायची वेळ येते, हे आम्हाला जरा गमतीचे वाटते.

तेव्हा वॅट आपला कोश लिहीत होता आणि आर्तुसी आपले पुस्तक, त्या एकाच सुमाराला सोलापूरचा रस्सा आणि बोलोन्याचा सॉस दोन्ही टोमॅटोविना शिजत होते.

पण जिन्नसांची जन्मगावे मोजून रश्श्याचा इतिहास पुरा होत नाही. आमच्या मते खरा फरक प्रमाणात आहे. सोमेश्वराच्या भांड्यात मांस मुख्य आहे आणि भाजी त्याला साथ देते. राजाच्या ताटासाठी ते ठीकच होते. आपल्या भगुण्यात पाणी मुख्य आहे. सोलापूर जिल्हा अवर्षणाचा. १८७६ ते १८७८ चा दुष्काळ इथे फार भीषण होता. अशा मुलखात बोकड कापला जातो तो जत्रेला, कंदुरीला, आखाडात, आणि खाणारी तोंडे फार असतात. कंदुरीत एका बोकडाच्या दहा-बारा किलो मटणात शंभर-सव्वाशे माणसे जेवतात. प्रत्येकाच्या वाट्याला फोडी येतात दोन-चार. पण मटणाची चव मात्र प्रत्येकाच्या पूर्ण भाकरीला मिळाली पाहिजे. हे गणित सोडवायचे साधन म्हणजे रस्सा. पातळ पाण्याने ते सुटत नाही. पाणी दाट हवे, तरच चव भाकरीला धरून राहते.

दाटपणा येतो तीन वाटांनी. पहिली वाट मटणाची स्वतःची. नळीच्या आणि सांध्यांजवळच्या मांसात कोलॅजेन नावाचे चिवट प्रथिन असते. ओल्या उष्णतेत साधारण सत्तर अंशांच्या पुढे त्याचे तिपेडी धागे हळूहळू उलगडतात आणि त्याचे जिलेटिन होते. बोटांना चिकटणारे अळणी पाणी म्हणजे हेच जिलेटिनचे द्रावण. याला वेळ लागतो. सोलापूर समुद्रसपाटीपासून सुमारे साडेचारशे मीटर उंचीवर आहे, त्यामुळे इथे पाणी शंभराऐवजी साधारण साडेअठ्ठ्याण्णव अंशांना उकळते. फरक लहान आहे. पण जाळ वाढवून उकळत्या पाण्याचे तापमान वाढत नाही, ही गोष्ट मात्र मुलांना चुलीपाशीच चांगली पटते. जाळ वाढवला तर फक्त पाणी लवकर आटते.

दुसरी वाट पिठाची. स्टार्चचे कण गरम पाण्यात फुगतात आणि पाणी धरून ठेवतात. कच्चे पीठ उकळत्या रश्श्यात टाकले तर गाठी होतात, कारण गुठळीचा बाहेरचा थर आधी फुगून चिकट होतो आणि आतले पीठ कोरडेच राहते. येसरात धान्य आधी खरपूस भाजलेले असते. भाजताना स्टार्चच्या लांब साखळ्या काही प्रमाणात तुटतात, चिकटपणा कमी होतो आणि गाठीही कमी होतात. दाटपणाही थोडा कमी येतो, म्हणून येसर सढळ हाताने घालावे लागते. भाजण्याने जो खमंग वास येतो तो प्रथिने आणि शर्करा यांच्यातल्या विक्रियांचा. या विक्रियांचे वर्णन फ्रेंच रसायनशास्त्रज्ञ मायार याने १९१२ मध्ये केले, म्हणून त्यांना त्याचे नाव आहे. कांदा आणि खोबरे भाजताना होते तेही हेच.

तिसरी वाट कुटाची. शेंगदाण्यात जवळजवळ निम्मे तेल आणि पाव हिस्सा प्रथिन असते. बारीक कण आणि प्रथिने मिळून तेलाचे थेंब पाण्यात अडवून ठेवतात. फार वेळ उकळले की तेल सुटून वर येते आणि त्याच्याबरोबर मिरचीचा लाल रंग. हीच तर्री. मिरचीचा रंग आणि तिखटपणा दोन्ही तेलात विरघळतात, पाण्यात फारसे नाहीत. म्हणून तिखट लागल्यावर पाणी पिऊन उपयोग होत नाही. तिखटपणा ही चव नसून एक प्रकारची फसवणूक आहे. त्रेचाळीस अंशांच्या पुढची उष्णता ओळखणारा मज्जातंतूंवरचा एक ग्राहक रेणू मिरचीतल्या कॅप्सेसिननेही उघडतो, आणि मेंदूला वाटते की तोंड भाजले. हा ग्राहक १९९७ मध्ये सापडला. त्या शोधासाठी डेव्हिड ज्युलियस यांना २०२१ च्या नोबेल पुरस्काराचा वाटा मिळाला.

रस्सा दाट झाला, आता तो कशाबरोबर खायचा? बोलोन्यात चपट्या पास्त्याच्या पट्ट्यांना सॉस बाहेरून चिकटतो. सोलापुरात कडक भाकरी कुस्करली की ती सच्छिद्र चुऱ्यातून केशाकर्षणाने रस्सा आत ओढून घेते. पास्ता ज्या ड्युरम गव्हाचा करतात त्याच्या पिठात चिवट ग्लुटेन असते, म्हणून त्याच्या पट्ट्या शिजल्यावर विरघळत नाहीत. ज्वारीत ग्लुटेन नाही. म्हणून तर भाकरीच्या पिठात गरम पाणी घालतात, स्टार्च थोडा फुगवून त्याच्या चिकटपणावर भाकरी थापतात. आणि ज्वारी तरी आपली का? तिचे मूळ सुदानच्या बाजूचे आहे. फक्त ती येऊन साडेतीन-चार हजार वर्षे झाली, म्हणून आपण तिचा गाव विचारत नाही.

इथे एक चमत्कारिक गोष्ट दिसते. पास्ता आपल्याकडेही होता. बन्सी हा आपला जुना गहू ड्युरमच, आणि खपली त्याची सख्खी चुलत बहीण. दोघींत गुणसूत्रे २८, साध्या गव्हात ४२. अशा गव्हाच्या शेवया, नखुले, काडीवर गुंडाळलेली सरगुंडे आपल्या आज्या उन्हाळ्यात खाटांवर वाळवत असत. हुलग्याच्या पिठाची शेंगोळी तर लसणाच्या तिखट पाण्यात शिजवून सोलापूर-नगरच्या घरांत आजही खातात. मग मटणाच्या रश्श्यात शेवया का पडल्या नाहीत? आम्हाला सुचलेले कारण असे: ज्वारीच्या मुलखात गहू सणाचा, आणि शेवया दूध-गुळाच्या, पाहुण्यांच्या. मटणाचा दिवस वेगळा आणि त्या दिवशी माणसे पुष्कळ. शंभर माणसांना पुरेल ती ज्वारीच.

शेवटी त्या मुलीच्या आग्रहावरून आम्ही सोमेश्वराच्या धर्तीवर एक भगुणे शिजवून पाहिले. मिरची, टोमॅटो, बटाटा, शेंगदाणे सर्व बाद. तेल तिळाचे घेतले, कारण तीळ नक्की इथलेच आणि फार जुने. मिरी, आले, हिंग, जिरे, धणे, हळद, आंबटाला चिंच. ओले हरभरे, वांगी, मुळा, कांदा, मुगाचे मोड. रंग पिवळट तपकिरी आला, तर्री अजिबात नाही. मिरीचा तिखटपणा जिभेपेक्षा घशाला जास्त जाणवला. इतिहासाचे सर दोनदा वाढून घेऊन जेवले. मावशींनी एक घास खाऊन विचारले, "झालंय बरं, पण ह्यात रस्सा कुठाय?"

मुळा जरा जास्त झाला होता. पुढच्या खेपेला निम्मा घालू.